कलेसाठी मरायला सांगणारे, आणि जगलेली मॉइरा शिअरर

ब्रिटिश बॅले नर्तकी मॉइरा शिअररला पडद्यावर चार वेळा मरावं लागलं. 1948 साली 'द रेड शूज'मध्ये तिनं मॉन्टे कार्लोला धावत्या रेल्वेगाडीपुढे उडी घेतली. 1951 साली 'द टेल्स ऑफ हॉफमन'मध्ये ती चावीवर नाचणारी बाहुली झाली. पैशांच्या व्यवहारात फसलेल्या एका कारागिरानं त्या बाहुलीचे हातपाय उपटले. तिचं मुंडकं जमिनीवर पडलं, तरी पापण्यांची उघडझाप चालूच राहिली. 1953 साली हॉलिवूडच्या 'द स्टोरी ऑफ थ्री लव्ह्ज'मध्ये ती हृदयविकार जडलेली नर्तकी होती. डॉक्टरांनी नाचायला मनाई केलेली असते, तरी ती एका रात्री एका नामवंत नृत्यदिग्दर्शकासमोर मनसोक्त नाचते आणि त्याच रात्री मरते. 1960 साली 'पीपिंग टॉम'मध्ये ती सिनेमाच्या स्टुडिओतली एक साधी बदली नटी होती. रात्री रिकाम्या सेटवर आपल्याला कॅमेऱ्यासमोर नाचायला मिळतंय या आनंदात ती असते, आणि कॅमेऱ्यामागचा माणूस तिचा खून करून प्रेत निळ्या पेटीत भरतो.

चारही वेळा ती नाचते आणि चारही वेळा तिचा शेवट होतो. यातले तीन चित्रपट दिग्दर्शक मायकेल पॉवेल यांचे, आणि त्यातले पहिले दोन त्यांनी एमरिक प्रेसबर्गर यांच्या जोडीनं केलेले. एकाच नर्तकीला इतक्या सातत्यानं इतके वेगवेगळे मृत्यू देण्यामागे निव्वळ योगायोग आहे, असं मला वाटत नाही. नाचणाऱ्या बाईचं काय व्हावं याबद्दल एका संपूर्ण कलासंस्कृतीची जी कल्पना होती, ती या चार प्रसंगांत दिसते. आणि ही कल्पना पडद्यावर वठवण्यासाठी जिची निवड झाली, तिनं स्वतःच्या आयुष्यात मात्र ती कधी मानली नाही.

प्रत्यक्षातली मॉइरा शिअरर 1926 च्या जानेवारीत स्कॉटलंडमधल्या डन्फर्मलिनला जन्मली आणि 2006 च्या जानेवारीत गेली. 80 वर्षं जगली. 1950 मध्ये तिनं लेखक आणि पत्रकार लुडोविक केनेडी यांच्याशी लग्न केलं. चार मुलं वाढवली. 1953 च्या सुमारास, वयाच्या सत्ताविशीत, तिनं बॅलेचा रंगमंच सोडला आणि नाटकात अभिनय केला. पुढे व्याख्यानं दिली, जॉर्ज बॅलन्चिन या नृत्यरचनाकारावर पुस्तक लिहिलं, एलेन टेरी या अभिनेत्रीचं चरित्र लिहिलं. 1972 साली एडिंबराला भरलेल्या युरोव्हिजन गीतस्पर्धेचं सूत्रसंचालन तिनंच केलं होतं.

तरीही तिच्याविषयी लिहिताना एक सूर ठरलेला असतो. केवढी गुणी मुलगी होती, इंग्लिश बॅलेची अग्रगण्य नर्तकी मार्गो फाँटेन हिच्या तोडीची होऊ शकली असती, पण सिनेमानं भुलवलं, मग लग्नानं अडकवलं, आणि कारकीर्द अर्धवट राहिली. हा सूर मला अन्यायाचा वाटतो. तो फक्त शिअररवर अन्याय करून थांबत नाही, म्हणून याविषयी लिहायला हवं. कलावंताचं मोल त्यानं काय केलं यावरून न करता त्यानं काय गमावलं यावरून करायची खोड त्यात आहे. या खोडीची किंमत आजही लहान मुलं मोजत आहेत.

आधी 'द रेड शूज' नीट पाहू. हान्स ख्रिस्तियन अँडरसनच्या 1845 च्या गोष्टीत एक मुलगी लाल बूट घालून चर्चमध्ये जाते. त्या मिरवण्याची शिक्षा म्हणून बूट तिला थांबूच देत नाहीत. शेवटी तिला एका जल्लादाकडून पाय तोडून घ्यावे लागतात. पॉवेल-प्रेसबर्गर यांनी ही गोष्ट बॅले कंपनीच्या गोष्टीत गुंफली. व्हिक्टोरिया पेज ही तरुण नर्तकी, बोरिस लेर्माँतॉव्ह हा कंपनीचा सर्वेसर्वा आणि जुलियन क्रास्टर हा संगीतकार. लेर्माँतॉव्हचा नियम साधा आहे. माणसाच्या प्रेमाच्या आधारावर विसंबणारी नर्तकी कधीच थोर होऊ शकत नाही. व्हिक्टोरिया जुलियनशी लग्न करते, कंपनीतून बाहेर पडते, नाचाच्या ओढीनं परत येते. एकीकडे लेर्माँतॉव्ह आणि दुसरीकडे नवरा तिला रंगभूषेच्या खोलीत ओढाताण करत उभे राहतात, आणि ती रेल्वेखाली जाते.

चित्रपटाच्या मध्यभागी सुमारे 17 मिनिटांचा बॅले आहे. त्यातला एक क्षण पाहण्यासारखा आहे. मोची लाल बूट जमिनीवर उभे करून ठेवतो. शिअरर धावत येते, उडी मारते, आणि तिचे पाय थेट त्या बुटांत उतरतात; घोट्याभोवतीच्या फिती आपोआप बांधलेल्या असतात. ज्यांनी टोकावर नाचायचे बूट कधी जवळून पाहिले आहेत त्यांना यातली खुबी कळेल. खरे बूट असे चढत नाहीत. पुढचा भाग कापड आणि खळीच्या थरांनी कडक केलेला असतो. नर्तकी तळवा वाकवून मऊ करते, टोकाला टाके घालते, बोटांना पट्ट्या गुंडाळते आणि मग फिती ओढून बांधून गाठ आत दडवते. मोठ्या भूमिकेत एक जोड एका रात्रीत संपतो. ही सगळी मेहनत चित्रपटानं एका उडीत पुसली. दिसतं ते फक्त जादूनं झपाटणं. मला हा क्षण अतिशय सुंदर वाटतो आणि तितकाच फसवाही वाटतो, कारण नाच हे काम आहे ही गोष्ट तो बेमालूमपणे नजरेआड करतो.

शिअररनं हे काम नेमकं कशा परिस्थितीत केलं तेही लक्षात घ्यायला हवं. 1947 च्या उन्हाळ्यात चित्रीकरण सुरू झालं तेव्हा ती 21 वर्षांची होती. टेक्निकलर या रंगीत चित्रीकरणाच्या तंत्राला प्रचंड प्रकाश लागे, त्यामुळे सेटवर उकाडा असे. खाली काँक्रीट, ज्यावर उडीचा हादरा थेट नडगीत आणि गुडघ्यात जातो. नाच अखंड करायचा नाही, तुकड्यातुकड्यांनी करायचा. म्हणजे शरीर तापवा, थोडा वेळ नाचा, थांबा, दिवे बदलेपर्यंत गार व्हा, आणि पुन्हा तीच उडी. छायालेखक जॅक कार्डिफ यांनी उडीच्या ऐन मध्यावर कॅमेऱ्याची गती बदलून ती हवेत क्षणभर तरंगते असा आभास निर्माण केला. कार्डिफ यांची करामत थोर आहे यात शंका नाही. पण ती उडी कुणाच्या तरी गुडघ्यांनी, पुन्हा पुन्हा मारलेली होती.

आणि तिला हे काम करायचंच नव्हतं. पॉवेल यांनी विचारलं तेव्हा तिनं नकार दिला, आणि जवळपास वर्षभर ती नकारावर ठाम राहिली. तिचं मन लंडनच्या सॅडलर्स वेल्स बॅले या कंपनीत होतं. 1942 पासून ती त्या कंपनीत होती, नृत्यरचनाकार फ्रेडरिक अ‍ॅश्टन यांच्या 1946 च्या 'सिंफनिक व्हेरिएशन्स'मधल्या पहिल्या सहा नर्तकांपैकी ती एक होती. अखेर कंपनीच्या संस्थापक निनेट द व्हॅल्वा यांनीच तिला हा चित्रपट एकदाचा करून टाक असं सांगितलं. म्हणजे ज्या चित्रपटानं तिचं नुकसान केलं असं म्हणतात, त्यात ती वरिष्ठांच्या सांगण्यावरून गेली. पुढे मात्र दोष तिच्या माथी आला. सिनेमात गेलेली नर्तकी म्हणून कंपनीत तिच्याकडे बघण्याची नजर बदलली. 1948 च्या डिसेंबरात फाँटेन जायबंदी झाली म्हणून अ‍ॅश्टन यांच्या 'सिंड्रेला'चा पहिला प्रयोग शिअररनं केला. 1949 च्या ऑक्टोबरात कंपनी न्यूयॉर्कला गेली तेव्हा तिथल्या सामान्य प्रेक्षकाला इंग्लिश बॅलेतलं एकच नाव ठाऊक होतं, ते म्हणजे मॉइरा शिअरर, कारण तिचा चित्रपट तिथल्या एका चित्रगृहात वर्षभर ठाण मांडून होता. दौऱ्याची सुरुवात कंपनीनं फाँटेनच्या 'स्लीपिंग ब्यूटी'नं केली. कलेच्या दृष्टीनं तो निर्णय बरोबरच होता. पण शिअररला प्रसिद्धी आपल्याच घरात अडचण होऊन बसली. या चित्रपटानं आपली बॅलेतली कारकीर्द बिघडवली, असं ती पुढे उघडपणे म्हणत असे, आणि जग मात्र तिला आयुष्यभर त्याच चित्रपटाविषयी विचारत राहिलं.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. 'कलेसाठी मरा' ही शिकवण या चित्रपटात आली कुठून? पॉवेल यांनी आत्मचरित्रात याचं सरळ उत्तर दिलं आहे. दहा वर्षं सगळ्यांना स्वातंत्र्यासाठी, लोकशाहीसाठी मरा असं सांगितलं जात होतं. युद्ध संपलं, आणि आता या चित्रपटानं कलेसाठी मरा असं सांगितलं. हे उत्तर प्रामाणिक आहे. शिधापत्रिकेवर लोणी मिळणाऱ्या, बॉम्बनं पडलेली घरं अजून उभी न राहिलेल्या लंडनमध्ये, जीव ओवाळून टाकावा असं काहीतरी सुंदर जगात आहे हे ऐकणं किती दिलासा देणारं असेल, हे मी समजू शकतो. पण युद्धकाळातली भाषा शांततेत जशीच्या तशी वापरली की ती हुकमाची भाषा होते. सैनिकाला जी शिस्त लावतात ती अकरा वर्षांच्या मुलीला लावायची का, हा प्रश्न तिथेच विचारायला हवा होता.

गंमत नव्हे, पण एक गोष्ट मला फार बोलकी वाटते. लेर्माँतॉव्हचा नियम खुद्द त्या चित्रपटातच खोटा ठरतो. त्याची आधीची मुख्य नर्तकी इरिना बोरोन्स्काया लग्न ठरल्याची बातमी देते, म्हणून तो तिला काढून टाकतो. पुढे व्हिक्टोरिया निघून गेल्यावर हाच माणूस लग्न झालेल्या बोरोन्स्कायाला परत बोलावतो, आणि ती येऊन नाचते. कंपनी चालते. प्रेक्षक येतात. मग नियम कुठे गेला? प्रयोग अडला की नियम वाकतो, याचा अर्थ तो कलेचा नियम कधी नव्हताच, तो मालकाच्या सोयीचा होता.

पडद्याबाहेर तर तो साफ खोटा होता. ब्रिटिश बॅले उभा केला तो मुख्यतः दोन बायकांनी. निनेट द व्हॅल्वा यांनी 1931 साली कंपनी स्थापन केली, तीच आजची रॉयल बॅले. त्या एका डॉक्टरशी लग्न करून त्याच्या दवाखान्याच्या कामातही हातभार लावत असत, आणि 102 वर्षं जगल्या. दुसऱ्या मारी रॅम्बर्ट. नाटककार अ‍ॅशली ड्यूक्स त्यांचे पती, दोन मुली, आणि घरसंसाराच्या जोडीनं नॉटिंग हिलच्या चिमुकल्या मर्क्युरी थिएटरात त्यांनी अ‍ॅश्टनसारखे रचनाकार घडवले. 'द रेड शूज'मध्ये व्हिक्टोरिया त्याच मर्क्युरी थिएटरात 'स्वान लेक' नाचते, आणि त्या प्रसंगात रॅम्बर्ट स्वतः पडद्यावर दिसतात. प्रेम आणि कला एकत्र नांदू शकत नाही, असं सांगणाऱ्या चित्रपटाच्या चौकटीत ती नांदवून दाखवणारी बाई उभी आहे, आणि पाहणाऱ्यांतल्या बहुतेकांचं तिकडे लक्षही जात नाही.

यावर उत्तर येईल की द व्हॅल्वा आणि रॅम्बर्ट या संघटक होत्या; सर्वोच्च नर्तकी व्हायचं तर सर्वस्व द्यावंच लागतं, फाँटेनकडे बघा. बघू या. 1962 मध्ये, 42 व्या वर्षी, फाँटेननं रुडॉल्फ नुरेयेव या तरुण रशियन नर्तकाबरोबर 'जिझेल' हा बॅले केला आणि निवृत्तीच्या उंबरठ्यावर असलेल्या कारकिर्दीला दुसरा जन्म मिळाला. साठीपर्यंत ती नाचत राहिली. हे कलेवरच्या निष्ठेचं उदाहरण म्हणून सांगतात, आणि निष्ठा होतीच. पण 1964 मध्ये तिचे पती, पनामाचे राजकारणी रॉबेर्तो आरियास, यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या आणि ते मानेखाली लुळे पडले. त्यांच्या शुश्रूषेचा खर्च पुढची पंचवीस वर्षं चालला. दुखऱ्या पायांनी ती देशोदेशी नाचली त्यात या खर्चाचा वाटा मोठा होता. 1990 च्या मे महिन्यात लंडनच्या कोव्हेंट गार्डन नाट्यगृहात तिच्या मदतीसाठी खास प्रयोग करून पैसे उभे करावे लागले. पुढच्या फेब्रुवारीत पनामात ती वारली. जगातली सर्वांत नावाजलेली बॅलेरिना, आणि अखेरीस तिच्यासाठी मदतनिधी. तिनं दिलेलं सर्वस्व संस्थेनं, प्रेक्षकांनी, आम्ही सर्वांनी घेतलं. परतीचं खातं कुणीच उघडलं नव्हतं. ज्या आयुष्याचा दाखला देऊन शिअररचं आयुष्य तोकडं ठरवलं जातं, त्या आयुष्याकडे इतकं नीट पाहिलं तर तुलनेचा सूर बदलावा लागतो.

आपल्याकडे हे नवं नाही. 1911 साली किर्लोस्कर नाटक मंडळीच्या 'मानापमान'चा पहिला प्रयोग होता, त्याच दिवशी बालगंधर्वांची लहान मुलगी गेली, आणि तरीही ते रंगमंचावर उभे राहिले. मराठी माणूस ही हकीकत ऐकतच मोठा होतो. बालगंधर्वांनी त्या दिवशी काय सोसलं असेल ते त्यांचं त्यांना ठाऊक. त्यांच्या निर्णयाविषयी बोलायचा अधिकार कुणालाच नाही, मलाही नाही. माझा आक्षेप त्या हकीकतीचं आपण पुढे काय केलं याला आहे. एका माणसाचं एका दिवसाचं दुःख आपण मापदंड करून टाकलं. आता कुणी गायिका बाळंतपणानंतर वर्षभर थांबते, कुणी नट आई आजारी आहे म्हणून प्रयोग रद्द करतो, तेव्हा त्याच मापानं त्यांना मोजलं जातं. मायबाप रसिक त्या दिवशी प्रयोग न पाहताही घरी गेले असते. दुसऱ्या दिवशी आले असते. मराठी रंगभूमी त्यानं बुडाली नसती.

त्यागाच्या कहाणीचा फायदा कुणाला होतो, हे विचारलं की चित्र स्पष्ट होतं. ज्याला पगार द्यायचा असतो त्याला होतो, कारण भक्त वेतन मागत नाही. ज्याला काँक्रीटवर लाकडी फरशी टाकायचा खर्च वाचवायचा असतो त्याला होतो, कारण तक्रार करणारी नर्तकी पुरेशी समर्पित नाही असं म्हणता येतं. थोडाफार फायदा आपल्या प्रेक्षकांनाही होतो. कुणीतरी आपल्यासाठी जळलं ही भावना टाळ्यांना उंची देते. बॅलेच्या गोष्टींत तर मरण आधीपासून होतंच. 'जिझेल'ची नायिका 1841 पासून दुबळ्या हृदयानं नाचत मरते आहे. अ‍ॅना पाव्हलोव्हा ही रशियन बॅलेरिना 1931 मध्ये गेली तेव्हा तिच्या नाचाचं संगीत वाजवून रिकाम्या रंगमंचावर केवळ प्रकाशझोत फिरवला गेला, असं सांगतात. 'द रेड शूज'च्या शेवटीही तेच होतं. लेर्माँतॉव्ह पडद्यापुढे येऊन, घशातून फुटलेल्या आवाजात, मिस पेज आज नाचू शकत नाहीत असं जाहीर करतो, आणि बाकीचे नर्तक जिथे ती असायला हवी त्या प्रकाशाच्या वर्तुळाभोवती नाचतात. फार प्रभावी दृश्य आहे. डोळे भरून येतात. पण नर्तकीशिवाय प्रयोग पार पडतो, हे त्यातलं सगळ्यात कठोर वाक्य आहे, आणि ते न बोलता उच्चारलं गेलं आहे.

कुणी म्हणेल, शिस्त हवीच ना? हवी. लहानपणीच सुरुवात झाली नाही तर बॅलेतलं शरीर घडणं अवघड जातं. रोज सकाळचा वर्ग चुकवून चालत नाही, हे कथक आणि भरतनाट्यम शिकणाऱ्यांनाही सांगायला नको. शिअरर स्वतः उत्तर ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झांबियात, वडील तिथे अभियंता असताना, आईच्या आग्रहानं लहानपणीच शिकू लागली आणि पुढे लंडनला निकोलस लेगाट यांच्यासारख्या कडक रशियन गुरूकडे घासली गेली. तिचं तंत्र पडद्यावर आजही स्वच्छ दिसतं: चपळ पाय, अचूक थांबे, मानेची हलकी वळणं. हे शिस्तीशिवाय येत नाही. पण शिस्त म्हणजे शरीराला काम शिकवणं. त्याग म्हणजे शरीराची तक्रार ऐकू न येणं. पहिलीशिवाय नाच उभा राहत नाही. दुसऱ्यानं नाचणारा मोडतो. या दोन गोष्टी मुद्दाम एकमेकींत कालवल्या जातात, आणि मग शिक्षकाच्या प्रत्येक कठोर शब्दाला परंपरेचं संरक्षण मिळतं.

2023 च्या सप्टेंबरात बीबीसीच्या 'पॅनोरामा' कार्यक्रमानं ब्रिटनच्या नामांकित बॅले शाळांतल्या अनेक माजी विद्यार्थ्यांच्या मुलाखती दाखवल्या. वजनावरून, शरीराच्या ठेवणीवरून लहानपणी ऐकावे लागलेले शेरे, जेवण टाळायची लागलेली सवय, मोठेपणी जडलेले मानसिक आजार यांविषयी ही माणसं बोलली. त्यातल्या कुणालाही रेल्वेखाली ढकललं नव्हतं. त्यांना फक्त लेर्माँतॉव्हचा नियम शिकवला गेला होता. ब्रिटनमधल्या नर्तकांच्या राष्ट्रीय पाहण्यांत वर्षभरात दुखापत झाल्याचं सांगणाऱ्यांचं प्रमाण दहात आठच्या घरात आलं आहे. दुसऱ्या कुठल्या व्यवसायात असा आकडा निघाला तर कारखाना तपासायला निरीक्षक जातील. इथे मात्र दुखापत हा समर्पणाचा पुरावा मानला जातो.

म्हणून शिअररच्या कारकिर्दीकडे मी उलट बाजूनं पाहतो. 27 व्या वर्षी बॅले सोडणं हा पराभव होता असं गृहीत धरलं की पुढची पन्नास वर्षं भरपाईसारखी दिसतात. ते गृहीतक काढून टाका. 1954 साली एडिंबरा महोत्सवात तिनं शेक्सपिअरच्या 'मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये टिटानिया केली, आणि ओबेरॉन होता रॉबर्ट हेल्पमन, 'द रेड शूज'चा नृत्यरचनाकार. ते नाटक अमेरिकेतही गेलं. 1955 साली 'द मॅन हू लव्ह्ड रेडहेड्स'मध्ये तिनं अनेक भूमिका एकटीनं केल्या. सत्तरच्या दशकात एडिंबराच्या रंगभूमीवर चेकॉव्हच्या 'चेरी ऑर्चर्ड'ची राणेव्स्काया केली. तिची सगळीच नाटकं थोर होती असा दावा मी करणार नाही. अभिनेत्री म्हणून तिचा आवाज नाचाइतका पल्लेदार नव्हता, असं पडद्यावरच्या कामावरून माझं मत आहे. पण ती शिकत राहिली. एका कलेत सर्वोच्च जागी पोचलेल्या माणसानं दुसऱ्या कलेत मधल्या रांगेत उभं राहायची तयारी दाखवणं, याला मी मोठं धाडस समजतो.

आणि 1987 साली ती परत नाचली. चित्रकार एल. एस. लाउरी यांच्या जन्मशताब्दीनिमित्त जिलियन लिन यांनी बीबीसीसाठी 'अ सिंपल मॅन' हा बॅले रचला. लाउरी झाले ख्रिस्तोफर गेबल, तेही रॉयल बॅले सोडून अभिनयाकडे गेलेले. चित्रकाराच्या कठोर, अंथरुणाला खिळलेल्या आईची भूमिका 61 वर्षांच्या शिअररनं केली. विशीतल्या उड्या त्यात नव्हत्या, असण्याचं कारण नव्हतं. त्या भूमिकेला वय हवं होतं, घर चालवल्याचा आणि मुलं वाढवल्याचा अनुभव हवा होता. विशीत मेलेली व्हिक्टोरिया पेज ही भूमिका करू शकली नसती.

ब्रिटनमध्ये 1973 पासून एक निधी आहे, जो नाच थांबवणाऱ्या व्यावसायिक नर्तकांना दुसरं शिक्षण घ्यायला, नवा व्यवसाय सुरू करायला पैसे आणि सल्ला देतो. मोठ्या कंपन्या त्यात वर्गणी भरतात. शिअररला तो लागला नसता, फाँटेनला लागला असता, पण दोघींच्याही तरुणपणी तो नव्हताच. अशी व्यवस्था जिथे जिथे मुलांना नाच शिकवून त्यावर तिकिटं विकली जातात तिथे तिथे हवी, मग ती लंडनची शाळा असो, दूरदर्शन वाहिनीवरची लहान मुलांची नृत्यस्पर्धा असो की पुण्या-मुंबईतला क्लास. तिकिटाच्या किंवा शुल्काच्या पैशातला ठरावीक वाटा दुखापतीच्या उपचारासाठी बाजूला पडावा. सरावाची जमीन लाकडाची, उडीचा हादरा झेलणारी असावी. वजनाविषयी बोलायचंच असेल तर डॉक्टरनं, बंद खोलीत, आईवडिलांसमोर बोलावं; शिक्षकानं वर्गात नव्हे. सुट्टी मागितली म्हणून भूमिका जाऊ नये, हे लेखी असावं. हे सगळं परवडत नाही असं ज्या संस्थेचं म्हणणं असेल, तिनं लहान मुलांना भरती करून घेणं थांबवावं.